राक्षसाच्या हातची बोहनी

त्यानं मला एका बगलेत मारलं, दुसऱ्या हातानं मावशीचं पोर उचललं आणि फाटक्या पडद्यातून पळाला. मागं धूर होता. धुरात साऱ्या बाया एका बंद दाराला धडका देत होत्या. माझ्या मायनं कशी कोण जाणे मान वळवली, पोटची पोरगी राक्षसाच्या बगलेत लोंबताना तिला दिसली, आणि ती ओरडली, "मेल्या, ठेव खाली तिले."

त्यानं ठेवलं नाही. मान मागं टाकली आणि हसला. सिनेमात हसायचा तसाच. सिनेमातल्या हसण्याला आवाज नव्हता, ह्याला होता.

मग मायनं दार सोडलं आणि ती त्याच्यामागं धावली. तिच्यामागं मावशी. मावशीमागं बाकीच्या.

हा राक्षस आमच्याच गल्लीतला. अमरावतीला परकोटाच्या आत आमचं घर होतं, तिथून चौथं त्याचं. त्याला त्याच्या नावानं फक्त त्याची म्हातारी आई हाक मारायची. बाकी सारं गाव राक्षस म्हणायचं. आम्ही पोरं तोंडावर राक्षसकाका म्हणायचो आणि तो ओ द्यायचा. तालमीत वाढलेला, सहा फूट उंच, डोळे लिंबाएवढे. आधी नाटक कंपनीत भाला धरून उभा राहायचा. तिथून एका सिनेमावाल्यानं त्याला मुंबईला नेलं आणि मुक्या सिनेमात राक्षस केलं. पुढं बारा-तेरा वर्षं त्यानं दुसरं काही केलं नाही. पोरं पळवली, बाया पळवल्या, ऋषींच्या दाढ्या ओढल्या, आणि शेवटाला दर वेळी मेला. घोड्यावरून पडून, झाडावरून पडून, एकदा विहिरीत पडून. "पडाले ताकद लागत नाई, पोरी," तो मला सांगायचा, "लाज सोडा लागते."

पावसाळ्यात तो घरी यायचा. मुकी चित्रं उन्हात काढत, ढग आले की कंपनीचं काम बंद. त्या चार महिन्यांत त्याचा आणि माझ्या मायचा रोज सकाळी एक खेळ व्हायचा. त्याला तिकीट नव्हतं.

आमची बाग वलगावच्या रस्त्याला. बाप खुरपायचा, माय विकायची. पहाटे ती वेशीपाशी पोतं अंथरून बसे, एका बाजूला फुलं, दुसऱ्या बाजूला वांगी आणि संभार, म्हणजे कोथिंबीर. मी हार गुंफायला. आणि पहिलं गिऱ्हाईक रोज हाच. कंपनीत सूर्य उगवायच्या आत तोंडाला रंग लावून बसायची सवय, ती घरी आल्यावरही सुटायची नाही. आईच्या देवपूजेला त्याला हार लागायचा.

"दे व वयनी, एक हार."

"थांबा भाऊ. बोहनी होऊ द्या."

"मी करतो ना बोहनी."

"तुमच्या हातची? मंग दिवसभर माशाच हाकलू काय मी?"

दिवसाची पहिली विक्री ज्याच्या हातची, त्याच्या पायगुणानं दिवस जातो, हे बाजारात बसणाऱ्या बाईला कोणी शिकवावं लागत नाही. माय वाईट नव्हती. पण राक्षसाच्या हातची बोहनी ती घेणार नाही, म्हणजे नाही. मग तो समोरच्या दगडावर बसायचा आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला हाका मारायचा. "या मास्तर, मोगरा पाहा कसा हाये. घ्या न गा एक गजरा. तुमी घेतल्याबिगर मले भेटत नाई." लोक हसायचे आणि घ्यायचे. खरं सांगायचं तर त्याच्यामुळं आमची बोहनी रोज लवकर व्हायची. मायला ते कळत होतं. तिनं कधी कबूल केलं नाही.

तुम्ही म्हणाल, सिनेमातला राक्षस आणि गल्लीतला माणूस हा फरक बायांना कळत नव्हता काय? कळत होता. पण त्यात एक भानगड होती.

ज्या चित्रात त्याचं सगळ्यात मोठं काम होतं, त्यात तो पाळण्यातलं पोर पळवून किल्ल्यावर नेतो. शेवटी देवी प्रगट होते, राक्षस बुरुजावरून कोसळतो आणि मरतो. पण वऱ्हाडात जे चित्र फिरायचं ते शेवटाला तुटकं होतं. गावोगाव चालवून चालवून शेवटचं रीळ फाटलं आणि मालकानं ते टाकून दिलं. आमच्याकडं देवी प्रगटायची, बाया हात जोडायच्या आणि कंदील लागायचे. त्याची बाकीची चित्रं आमच्याकडं पोचली नाहीत, आणि ह्यातला राक्षस मेलेला आम्ही कोणी पाहिलाच नव्हता. तेव्हा बायांच्या हिशेबी तो अजून मोकळाच होता आणि सकाळी वेशीपाशी मोगरा मागत होता.

पुरुषांनी हसून सोडून दिलं. बायांनी नाही. तो दिसला की लेकुरवाळ्या पदर ओढून पोर झाकायच्या. कोणाच्या बारशाला त्याला बोलावणं नसे. त्याच्या आईला असे, तिच्याबरोबर त्याच्यासाठी घुगऱ्या यायच्या.

त्याला ह्याचं वाईट वाटायचं की नाही, मला सांगता येत नाही. शिव्यांचा तर त्याला शौक होता. बायांचा खेळ वेगळा असायचा, दुपारचा. त्यात पुरुषाला मज्जाव. हा मागच्या बाजूनं घुसून पडद्याच्या पलीकडं बसायचा आणि त्याच्या नावानं पडणाऱ्या शिव्या ऐकायचा. दुसऱ्या दिवशी मायला विचारायचा, "काल खेळ पाह्यला म्हणते. शिव्या देल्या का नाई?"

"देल्या."

"कोणत्या?"

"तुह्या तोंडाले आग लागो, म्हटलं."

"हे जुनी झाली."

"तुह्या मुंडक्याचा भोपळा हो आन त्याले कोणी भाव न देवो."

"हे," तो मान डोलवायचा, "हे चांगली हाये. हे तुही सोताची का?"

मायला अशा वेळी हसू यायचं. ते दिसू नये म्हणून ती वांग्यांवर पाणी शिंपडायची.

मग बोलपट आले. त्याची कंपनी बुडाली आणि तो कायमचा घरी आला, एक ट्रंक आणि एक पत्र्याचा गोल डबा घेऊन. ट्रंकेत काय होतं मला ठाऊक नाही. डबा तो कोणालाही दाखवायचा. जुन्या फिल्मा कंपनीनं मोडीत काढल्या तेव्हा त्यानं एवढं एक रीळ मागून घेतलं होतं. तेच, शेवटचं. "ह्याच्यात माहं मरण हाये," तो म्हणायचा.

ते मरण त्यानं इतक्या वेळा सांगितलं की मला पाठ झालं. राक्षस बुरुजावरून पडतो. खाली खडक. लोकांना वाटतं, सुटलो. पण तो उठतो. दोन पावलं चालतो. पोर समोर पडलेलं असतं, हसत असतं. तो त्याच्याकडं पाहतो, खाली बसतो, आपली फाटकी शाल काढून पोराच्या अंगावर टाकतो, आणि बसल्या जागी मान टाकतो. हे शालीचं कागदात नव्हतं म्हणे, त्यानं मनानंच केलं आणि कॅमेरावाल्यानं राहू दिलं. "वयनी, सारं चित्रभर बाया बोटं मोडतात. ह्या रीळाले एक शिवी पडत नाई. सोलापुरात पाह्यलं म्या. एक म्हातारी रडे."

"तुमीच रडले असान."

"तू पाह्य तं खरी. पाह्यल्यावर माह्या हातची बोहनी घेतली नाई तं नाव सांगणार नाई."

"तुमचं नाव ठाऊक कोणाले हाये."

त्याचं सारं अडलं होतं ते एवढ्यात. वऱ्हाडातल्या बायांनी एकदा आपल्याला मरताना पाहावं. एकदा पाहिलं की सुटलो.

ती वेळ अकोल्याला आली. वैशाख होता. कापसाचा हंगाम संपला की जिनिंगची गोदामं रिकामी पडतात, त्यातलं एक फिरत्या सिनेमावाल्यानं घेतलं होतं. तो तेच तुटकं चित्र लावणार होता. आमचा राक्षस डबा घेऊन त्याच्याकडं गेला आणि म्हणाला, शेवट माझ्याकडं आहे. मालकानं टांग्यात बसवून त्याला गावभर मिरवलं, पुढं ताशा, हातात जाहिरातीचे कागद. राक्षसाचा अंत पाहा, खुद्द राक्षस हजर आहे. त्यानं मालकाला एकच अट घातली. पहिला खेळ बायांना दाखवायचा.

आम्ही त्याच वेळी अकोल्यात होतो. मावशीच्या पोराचं जावळ काढायचं होतं. आदल्या दिवशी जाताना बडनेऱ्याच्या फलाटावर हा दिसला. डबा मांडीवर, त्यावर ओला पंचा घातलेला. मायनं विचारलं, हे काय. म्हणाला, "ऊन लागते त्याले."

"मरणाले?"

"येशीन ना उद्या दुपारी?"

"पाहू," माय म्हणाली. म्हणजे येणार होती.

अकोल्याच्या वैशाखात भर दुपारी टिनाखाली बसायला बाईमाणसाला देवीच बोलवायला पाहिजे. गोदाम भरलं. अंधार करायला भिंतीच्या झरोक्यांवर पोती ठोकली होती. दाराशी लागून मशीनवाल्याची खोली होती, पत्र्याची. पुरुष डोकावू नयेत म्हणून दाराला बाहेरून कडी घातली. कडी घालणारा पान खायला गेला. ही सारी आमच्या इज्जतीची काळजी.

पोरं सगळ्यात पुढं, पडद्यापाशी. मी सात वर्षांची होते. मावशीनं आपलं पोर माझ्या मांडीवर दिलं होतं, सकाळीच जावळ काढलेलं, डोकं घासलेल्या तांब्यासारखं. माय आणि मावशी मागं, बायांत. मायजवळ पाण्याचा पितळी गडवा.

खेळ नेहमीसारखा झाला. राक्षसानं पोर पळवलं, बायांनी शिव्या घातल्या. पडद्याच्या खालून मला त्याचे पाय दिसत होते. वहाणा काढून ठेवल्या होत्या. एक अंगठा हलत होता. डबा त्यानं जवळच ठेवला होता, देवीचं रीळ संपलं की स्वतः नेऊन देणार होता.

मग देवी प्रगटली.

बायांच्या खेळात एक रीत होती. देवी आली की बाया ओरडायच्या, "थांबव रे बापा, दर्शन घेऊ दे." मशीन हातानं फिरवायचं असे. मशीनवाला हात हळू करायचा, देवी जराशी रेंगाळायची, बाया हात जोडायच्या आणि चित्र पुढं जायचं. त्या दिवशी एक म्हातारी उठली. हळदीकुंकवाचा करंडा घेऊन चालत पडद्यापाशी आली, देवीच्या पायाला कुंकू लावायला. तिला चालायला वेळ लागला. बाकीच्या ओरडत होत्या, "थांबव, तिले पोचू दे." मशीनवाल्यानं हात थांबवला. आईच्या वयाची बाई, तोही काय करणार.

फिल्म दिव्यासमोर थांबली की पेटते. आम्हाला काय ठाऊक. आम्हाला दिसलं ते असं. देवीच्या पोटात एक पिवळा ठिपका आला. तो मोठा झाला, त्याला काळी कड आली, आणि बघता बघता देवीच्या आत उजेड फुटला.

बाया खाली वाकल्या. साऱ्या. कोणी म्हणालं, "माय प्रसन्न झाली व." म्हातारीनं कुंकू लावलं, माथा टेकला. मीही हात जोडले. मागं खोलीत आग भडकली होती आणि आम्ही पुढं तिच्या पाया पडत होतो.

मग धूर आला. पहिलं पोतं पेटलं. मशीनवाला आपल्या खोलीतून बाहेर उडी मारून पळाला, बरोबर कडीच्या समोरून, आणि त्याला कडी दिसली नाही. दाराची चौकट पेटली. बाया ज्या दारानं आल्या होत्या त्याच दाराकडं धावल्या. म्हातारीलाही कोणीतरी ओढून नेलं. दुसरं दार आहे हे कोणाला माहीत नव्हतं.

होतं. गाड्या आत घ्यायचं मोठं दार, पडद्यामागं.

पडद्यातून चाकूचं पातं आलं आणि खालपर्यंत गेलं. त्या चिरेतून तो निघाला. डबा छातीशी धरलेला. ओरडला, "बायाहो, इकडं या. इकडं दार हाये."

आता तुम्हीच विचार करा. देवीच्या पोटात उजेड फुटला, चहूकडं धूर झाला, आणि पडदा फाडून राक्षस बाहेर आला आणि इकडं या म्हणतो. कोण जाईल? एक किंकाळी उठली आणि साऱ्या जणी बंद दाराला आणखी चिकटल्या. पोरंही तिकडंच पळाली. तो पुन्हा ओरडला. त्या आणखी चिकटल्या.

मी पळाले नाही. शहाणपण नव्हे. मांडीवर पोर होतं आणि माझ्यानं ते घेऊन उठवेना. त्यानं माझ्याकडं पाहिलं. मग पोराकडं. मग डब्याकडं. एवढं पाहायला त्याला कितीसा वेळ लागला असेल. डबा त्यानं खाली ठेवला, टाकला नाही, नीट आडवा ठेवला. आणि आम्हाला उचललं. पुढचं मी आधीच सांगितलं.

त्याच्या खांद्यावरून त्या पोराचं तुळतुळीत डोकं चमकत होतं. साऱ्या बाया त्याच खुणेवर धावल्या, पोरं पदराला धरून, हातात सापडेल ते घेऊन. करंडा, वहाण, गडवा. आपण आगीतून निघतो आहोत हे एकीलाही सुचलं नाही. त्या राक्षसाला धरायला निघाल्या होत्या. त्यानंही लगेच धरू दिलं नाही. दारातून निघून वखारीच्या आवारात पार लिंबाच्या झाडापर्यंत पळाला, शेवटची बाई बाहेर येईस्तोवर. तिथं आम्हाला खाली ठेवलं, वळला, आणि मायनं गडवा त्याच्या कपाळावर हाणला.

त्यानंतर त्याला जो मार बसला, तसा कुठल्या चित्रात बसला नसेल. तो खाली बसला आणि हातांनी डोकं झाकून म्हणत राहिला, "मोजा. पोरं मोजा आधी. मंग मारा."

कोणीतरी मागं पाहिलं. टिनं तडतडत होती. पोत्यांमधून धूर नव्हे, जाळ निघत होता. मग मारणं थांबलं. बाया पोरं मोजू लागल्या, नावानं हाका मारू लागल्या. सारी होती. म्हातारीही होती, करंड्यासकट.

मायनं गडव्यात पाहिलं. तळाला थोडं पाणी होतं. ते तिनं त्याच्या कपाळावर ओतलं आणि म्हणाली, "सांगाले काय झालं होतं तुमाले?"

"सांगतलं ना."

"कधी?"

"दोनदा."

मग त्याला डबा आठवला. उठला, दाराकडं दोन पावलं चालला, आणि खाली बसला. तेवढ्यात छत आत आलं.

चौकशीला तहसीलदार आला. तेव्हा वऱ्हाड मध्यप्रांतात होतं, साऱ्या गोष्टी कागदावरून नागपूरला जायच्या. त्याचा कारकून बायांना एकेक करून विचारी, आगीतून बाहेर कशा पडल्या. प्रत्येक बाई सांगे, राक्षसानं पोर पळवलं म्हणून. कारकून म्हणे, ते सिनेमातलं झालं, आगीचं सांगा. बाई म्हणे, आगीचंच सांगून राहिली. मावशीनं तर पोर पुढं करून दाखवलं, हेच ते. त्यानं शेवटी काय लिहिलं, देव जाणे.

पंधरा-वीस दिवसांनी तो पहाटे वेशीपाशी आला. कपाळाला पट्टी. माय आधीच हार हातात घेऊन बसली होती.

"घ्या भाऊ."

"बोहनी झाली?"

"नाई. तुमी करा."

तो दोन्ही बाजूंनी रस्ता पाहून दगडावर बसला. "नको व वयनी. येऊ दे कोणाले तरी."

"काहून?"

"मुंबईचं पत्र आलं. बोलपटात घेऊन राहिले मले. राक्षसाचंच काम हाये. आता तू माह्या हातची बोहनी घेतली, का उद्या साऱ्या बाया घेतीन. बाया भ्याच्या थांबल्या तं मले काम कोण देईन?"

"पैले तर मागत होते रोज."

"तवा मरण होतं माह्यापाशी. ते दाखवून मागत होतो. आता काय दाखवू?"

 मायनं हार ताटलीत वेगळा ठेवला आणि हात बांधून बसली. मास्तर आले, गजरा मागितला. "नाई भेटत." वाण्याची सून आली. "नाई भेटत." ती याला देणार आणि हा घेणार नाही. ऊन चढलं. मी पाणी शिंपडून कंटाळले. लोक जमले, कोणी त्याला समजावलं, कोणी तिला. पोरांना सिनेमाहून बरं वाटत होतं.

दुपार होता होता तो उठला. आला, वाकला, दोन्ही हातांनी हार घेतला.

"तुह्यासारखी बाई कंपनीत असती," तो म्हणाला, "तं आमाले राक्षस लागला नसता."

निम्मा मोगरा तोवर सुकून गेला होता. त्या दिवशी विक्री काही झाली नाही. राक्षसाच्या हातची बोहनी ती अशी. मायनं दुसऱ्या दिवशीही त्याच्याच हातची घेतली.

मुंबईला जाईपर्यंत तो मला दिसला की म्हणायचा, "पोरी, तुह्यापायी माहं मरण जळलं." मी म्हणायचे, मग दुसरं कर. म्हणायचा, "तसं दुसऱ्यांदा होत नाई." त्या आगीचं तो दोन प्रकारे सांगायचा. पुरुषांत म्हणायचा, डोकं चालवलं म्या, बाया पोरामागं येतीन हे ठाऊक होतं. आमच्या ओट्यावर बसला की म्हणायचा, मले काय सुचणार, हाताले लागलं ते उचललं.

बोलपट अमरावतीला आला तेव्हा आम्ही साऱ्या गेलो. त्याला दोन वाक्यं होती. त्याचं बोलणं आमच्याकडचं, तिकडच्या लोकांना ते रुचलं नसावं, पण इथं टाळ्या पडल्या. एकदा त्याचं तोंड पडदाभर आलं. डाव्या भुवईवर आडवा व्रण, ह्या टोकापासून त्या टोकापर्यंत. अंधारात माझी माय शेजारच्या बाईला मोठ्यानं म्हणाली, "हे माह्या गडव्याचं."

त्या चित्रात त्याला मरण नव्हतं. शेवटाला नुसतं हाकलून देतात.

त्यानंतर त्यानं आणखी काही कामं केली, बिनवाक्याची. आईला न्यायला एकदा आला, तेवढाच. नंतर कळलं, मुंबईत तापानं गेला. कसा गेला हे सांगायला कोणी आलं नाही. बातमी आली त्या सकाळी मायनं पहिला हार कोणाला विकला नाही, नेऊन समोरच्या दगडावर ठेवला. तो बकरीनं खाल्ला.

त्यानं युक्ती केली की घाबरून उचललं, हे लोक मला पुष्कळ वर्षं विचारत. मी सांगते ते असं. माझा कान त्याच्या छातीला होता. आत काळीज इतकं उडत होतं की मला वाटलं, हा आत्ता पडेल. आणि वरून तो हसत होता, मान मागं टाकून, पुन्हा पुन्हा वळून बायांकडं पाहून. घाबरलेला माणूस इतका वेळ हसत नाही. ते काम होतं.

मावशीचं पोर आता अकोल्याला नातवंडं खेळवतं. त्याच्या डोक्यावर पुन्हा एक केस नाही. माय म्हातारी होऊन घरात, खाटेवर गेली. गडवा माझ्याकडं आहे, त्याला पोचा आहे. त्या दुपारी गोदामात होत्या तेवढ्या बाया आणि त्यांची पोरं, सारी जगली.